तोरखड्याचा शेवटचा पैलू

पानगळीचा महिना, चौथा दिवस

आत्या,

मी पोचले. होडी लागली नाही, पेटी हरवली नाही आणि वाटेत कोणाशी जास्त बोलले नाही.

हे पत्र मी कारखान्यात बसून लिहीत नाहीये. दोन गल्ल्या सोडून एका दोरखंडवाल्याचं दुकान आहे, त्याच्या मागच्या खोलीत माझी राहायची सोय केली आहे. इतक्या लांबून इथल्या तोरखड्याला काही कळत नाही असं मोठ्या बाई म्हणाल्या, तरी मी खिडकी लावून घेतली. कारण तो कसा आहे ते मला तुला सांगायचंय, आणि सांगताना कौतुक होणारच.

आत्या, तो फार सुंदर आहे.

लिहून थोडा वेळ थांबले. काही झालं नाही.

आपल्या पाटावर आपण जे तोरखडे कापतो ते वाटाण्याएवढे. हा दोन्ही मुठी जोडून धरल्या तर मावेल एवढा आहे. वरून अगदी साधा, दुधाच्या भांड्यात पाणी विसळल्यासारखा. पण जरा वेळ बघितलं की आत खोलवर कोणीतरी दार किलकिलं ठेवून गेलंय असं वाटतं. मग मान वळवावी लागते. इथे सगळेच कामाच्या मधे मधे मान वळवतात. लांबून बघणाऱ्याला वाटेल, या लोकांच्या माना आखडल्यात.

हा कुठल्याशा गुहेत मिळाला. जिथे कधीच कोणी बघायला गेलेलं नसतं तिथेच हे वाढतात, हे तू शिकवलंसच. खणणाऱ्यांनी डोळे बांधून तो चाचपून काढला आणि मळक्या पोत्यात घालून आणला. कारखान्यात तो पोत्याखालीच असतो. भिंती मुद्दाम रंगवलेल्या नाहीत. चांगले कपडे घालून यायचं नाही, शीळ घालायची नाही, आणि जेवायला बाहेर अंगणात बसायचं, कारण "झक्कास झालंय" असं कोणी भाजीला म्हटलं तरी याला वाटतं आपल्यालाच म्हणाले.

मोठ्या बाई कारखान्याच्या प्रमुख. पहिल्याच दिवशी त्यांनी समोर बसवून सांगितलं, "कौतुक झालं की हा उजळतो. जास्त झालं की तापतो. त्याहून जास्त झालं की फुटतो, आणि फुटताना समोरच्याचे डोळे घेऊन जातो." त्यांचा उजवा डोळा काचेचा आहे, त्यामुळे आणखी समजावायची गरज पडली नाही. याच खड्याचा जोडखडा होता, तो त्यांच्या हातात फुटला.

हा इथल्या बंदराबाहेरच्या दीपगृहासाठी आहे. जुना दिवा विझत आलाय. समुद्रावरून माणसं "दिसला रे बाबा!" म्हणतात, तेवढ्याशा कौतुकावर हे दिवे वर्षानुवर्षं जळतात. लांबचं कौतुक त्याला पोसतं, जवळचं फोडतं. बाई हे सांगत होत्या तेव्हा माझ्या अंगावर काटा आला, आणि मी घाईने पोत्याकडे पाठ केली.

आता खरं सांगते. पैलू मी पाडायचे आहेत. एका डोळ्याने बाईंना खोलीचा अंदाज येत नाही. दुसरा कारागीर आहे त्याला सगळे घुम्या म्हणतात, त्याचा हात जड आहे. बाई म्हणाल्या, "तुमच्या घरचे दिवे सगळ्यांत लांबून दिसतात. का ते मला माहीत नाही, पण दिसतात. म्हणून तुला बोलावलं."

मी हो म्हटलं. पण माझ्यापेक्षा तू यायला हवी होतीस. माझा हात चुकला तर काय, याचा विचार करत मी रोज सकाळी दोन्ही डोळे आळीपाळीने मिटून बघते.

तुझी,
टिटवी

*

पानगळीचा महिना, बारावा दिवस

टिटवे,

पत्र मिळालं. अक्षर अजून तसंच, मुंग्या शाईत पडून पळाल्यासारखं.

"सुंदर" हा शब्द तू लिहिलास. माझ्या पाटावर खाणवाल्यांच्या टोप्यांवरच्या दिव्यांचे खडे मांडलेले होते, त्यामुळे पुढचं पत्र मला गोठ्यात जाऊन वाचावं लागलं. म्हशीने माझ्याकडे जसं बघितलं, ते तूच बघायला हवं होतंस. असले शब्द कुठे शिकलीस? आपल्या घरात तर नाही.

मोठ्या बाईंनी तुला निवडलं म्हणजे त्यांचा उरलेला डोळाही अधू झालेला दिसतोय. तू साधी लसूण सोलायला बसलीस तरी निम्मी सालं पाकळ्यांत आणि निम्म्या पाकळ्या सालांत. पण आता निवडलंच आहे तर नीट ऐक.

ओला फडका हाताशी ठेव. आपल्या घरात खडा तापतोच. तुझे आजोबा म्हणायचे, गरम झाल्याशिवाय खडा उघडत नाही. कापायच्या आधीपासून त्याला बोलायला लाग आणि कापतानाही बोलत राहा. गप्प बसलीस की मन भरकटतं, मन भरकटलं की नजर भुलते. मेल्या म्हण, ठोंब्या म्हण, मोठा उजेड पाडणार आहेस का म्हण. हातचं राखू नकोस. मी तुला बोलते तसं बोल. तुझ्यात एवढं तर शिरलं असेलच.

रोज डोळे मिटून बघतेस हे वाचलं. हा काय पोरखेळ? डोळे काय कुठे जात नाहीत.

लोकरीचे मोजे पाठवले आहेत, उगाच पडून होते. पाय गार राहिले की हात थरथरतात. रात्री दूध घे. तुझी हाडं वाऱ्याने वाजतील अशी आहेत, तिकडचे लोक म्हणतील हिला घरी जेवायला घालत नव्हते.

आत्या

*

पानगळीचा महिना, अखेरचा आठवडा

आत्या,

मोजे बरोबर झाले. पडून असलेले मोजे माझ्याच मापाचे निघाले, नशीब म्हणायचं.

पण बातमी चांगली नाही. मी काम सुरू केलं आणि खडा तापला.

तू म्हणशील तापणारच. पण इथे तापत नाही! ओला फडका बघून सगळे हसले. घुम्या, जो कधी बोलत नाही, तोसुद्धा म्हणाला, "पोळ्या भाजणार आहेस का?" इथे खडे गार हाताने कापतात. मी शिकंज्यात खडा पक्का केला, छिन्नी लावली आणि तू सांगितलंस तसं बोलायला लागले. "अरे मेल्या, ठोंब्या, नुसता बसलायस दगडासारखा, कशाला आलायस इथे, कोणाचं भलं करणार आहेस तू?" पहिला पैलू छान पडला. म्हणजे बरा पडला. दुसऱ्याला खडा गुलाबी झाला. तिसऱ्याला फडक्यातून वाफ निघाली आणि मागच्या भिंतीवर माझी सावली पडली, भर दुपारी. बाईंनी धावत येऊन पोतं टाकलं.

मग मला अंगणात नेलं. "मनात काय म्हणत होतीस?"

"काही नाही. तोंडाने बोलत होते तेच."

"तोंडाने शिव्या आणि मनात कौतुक, असं करणारे माझ्याकडे येऊन गेलेत. त्यातला एक आता वेताच्या टोपल्या विणतो, चाचपून."

आत्या, मी रात्रभर आठवून बघितलं. मनात कौतुक होतं का? पहिल्या दिवशी होतं, ते मी तुला लिहिलंच. पण छिन्नी हातात असताना मी फक्त तुझे शब्द नीट म्हणायचा प्रयत्न करत होते, एकही गाळू नये म्हणून. तरी मी बाईंना सांगितलं की माझी पूर्ण खात्री नाही. त्यांनी मला तूर्त कामावरून काढलंय. घुम्याचा हात जड आहे हे माहीत असूनही त्यालाच बसवायचं की काय, असा विचार चाललाय.

माझ्यामुळे खडा फुटला असता. बाई पोतं टाकायला धावल्या तेव्हा त्यांचा चांगला डोळा खड्याकडे होता.

टिटवी

*

गारठ्याचा महिना, पाचवा दिवस

टिटवे,

त्या बाईंना सांग, आमच्या घरात चार पिढ्या खडे कापतात आणि चार पिढ्या ते तापतात. जो तापत नाही तो खडा कसला? त्यांना पोळ्या भाजता येत नसतील तर त्यात आपला काय दोष.

दोष तुझा आहे, पण वेगळा. तू मुळमुळीत बोलली असशील. मला माहीत आहे तू कशी बोलतेस, आधी माफी मागून मग शिवी देतेस. धार नसली की खडा शेफारतो. जोर लावून बोल. गधड्या म्हण, करंट्या म्हण, तुझ्यासारखा वेंधळा मुलखात नाही म्हण, तुझी काळजी करून माझे केस पिकले म्हण, तुला जन्माला घालून वर माझ्या पदरात टाकला तो कशाला म्हण. यातलं एक तरी मनापासून म्हणालीस तर जागच्या जागी गार पडेल.

आणि कामावरून काढलं म्हणून रडत बसू नकोस. तू रडलीस की तुझं नाक सुजतं आणि मग तुला दिसत नाही.

जेवतेस ना?

आत्या

*

गारठ्याचा महिना, विसावा दिवस

आत्या,

एवढे दिवस लिहिलं नाही कारण उजव्या हाताची दोन बोटं भाजली होती. आता बरी आहेत. आधी हे सांगते, म्हणजे पुढचं वाचताना तू मधेच थांबणार नाहीस.

तुझं पत्र आलं आणि मी बाईंकडे आणखी एक संधी मागितली. म्हटलं, या वेळी जोर लावते. त्यांनी घुम्याला आणि मला दोघांनाही बसवलं, खड्यावर जाड काच घातली आणि म्हणाल्या, "दोघंही तेच शब्द बोला."

घुम्याने माझ्याकडून शब्द पाठ करून घेतले आणि म्हटले. गधड्या, करंट्या, वेंधळ्या, अगदी हजेरी घेतल्यासारखे. खडा गार. बाईंनी हात लावून बघितला.

मग मी. मी जोर लावला, आत्या. "तुझी काळजी करून माझे केस पिकले" इथपर्यंत आले आणि काच तडकली. मी पोतं टाकायला हात घातला, म्हणून बोटं. घुम्या संध्याकाळपर्यंत डोळे चोळत होता आणि सांगत होता की त्याला दोन-दोन मोठ्या बाई दिसतायत आणि एकच पुरे होती.

बाई रागावल्या नाहीत. त्यांनी माझ्या बोटांना मलम लावलं आणि विचारलं, "हे शब्द तुझ्या घरी कोण कोणाला म्हणतं?"

"आत्या मला म्हणते."

"कधी?"

मी आठवून सांगितलं. सकाळी वेणी घालताना. मी तापाने पडले होते तेव्हा, उशाशी बसून. होडीत चढताना धक्क्यावरून, सगळ्यांसमोर, होडी दिसेनाशी होईपर्यंत.

बाई म्हणाल्या, "तो शब्द ऐकत नाही गं. शब्दामागचा सूर ऐकतो. घुम्या त्याला शिव्या देतो. तू त्याचे लाड करतेस."

मी म्हटलं, मग आमच्या घरात परक्यांशी कसं बोलतात तसं बोलून बघू का? आत्या, तुला आठवतं, तो जमिनीची मोजणी करायला आलेला माणूस तुला मुळीच आवडला नव्हता आणि तू त्याच्याशी किती गोड बोलली होतीस? "बसावं, पाणी घ्यावं, आपली काय सेवा करू." तो गेल्यावर तू पायरी धुतलीस.

मी खड्याला म्हटलं, "नमस्कार. आपल्याला फार वेळ बसवून ठेवलं. आपली हरकत नसेल तर एक पैलू पाडते." आत्या, तो असा गार पडला की माझी भाजलेली बोटं त्याच्यावर ठेवून शेकली. उलट शेकली, म्हणजे निववली.

तेव्हापासून काम सरळ चाललंय. दिवसभर "कृपया" आणि "आभारी आहे". घुम्या म्हणतो, कचेरीत बसल्यासारखं वाटतं. शेवटचा मोठा पैलू सोडून सगळे झाले.

एक विचारायचं होतं, पण ते पत्रात विचारण्यासारखं आहे की नाही ते मला ठरवता येत नाहीये, म्हणून राहू दे.

टिटवी

*

गारठ्याचा महिना, अखेरचा आठवडा

टिटवे,

बोटं उघडी ठेवू नकोस. मध लाव.

त्या बाईंना सांग, आमच्या घरात कोणी कोणाचे लाड करत नाही. सवय असते एकेकाची बोलायची. त्यातून काय वाटेल ते अर्थ काढायचे, हे शहरातल्या लोकांना रिकामा वेळ असतो म्हणून.

तरी मी करून पाहिलं. एका खड्याला म्हटलं, "आपण जरा डावीकडे सरकलात तर उपकार होतील." म्हैसही वळून बघायला लागली. खडा गार राहिला, कापायला सोपा गेला. पण टोपीत बसवून दिवा लावला तर उजेड कसा, भांडी विसळलेल्या पाण्यासारखा. खाणवाला म्हणाला, बाई, तब्येत बरी नाही का?

म्हणजे आपले दिवे लांबून का दिसतात ते कळलं. पैलू उघडताना खडा जेवढा गरम असेल तेवढाच तो पुढे उजेड देतो. निदान शेवटच्या मोठ्या पैलूच्या वेळी तरी तापलेला हवा.

तुझ्या डोक्यात काय आलं असेल ते मला इथून दिसतंय. ते करू नकोस. वाटाण्याएवढा खडा तापवणं वेगळं. शेवटचा पैलूही गारच पाड. दिवा मंद झाला तर होऊ दे. लोक दिवसाउजेडी होड्या चालवतील. अर्धवट काम कर असं मी तुला जन्मात कधी सांगितलेलं नाही, म्हणून हे दोनदा वाच.

आत्या

*

वाऱ्याचा महिना, दुसरा दिवस

आत्या,

दोनदा वाचलं. मग आणखी एकदा.

काल दीपगृहाचा राखणदार आला होता. दारात वाकून शिरावं लागतं एवढा माणूस, आणि आवाज मात्र लहान. आम्ही खडा छपरावर ठेवून अंधार पडताना लावून बघितला आणि तो होडी घेऊन बाहेर गेला. परत आला तेव्हा त्याने आधी सगळ्यांना आतल्या खोलीत नेलं, मग बोलला. आतल्या खडकांपर्यंत दिसतो. बाहेर दातरी म्हणून खडकांची रांग आहे, तिथे दिसत नाही.

"चालवून घेऊ," असं तो म्हणाला. मग म्हणाला, "गेल्या वर्षी वाऱ्याच्या महिन्यात दातरीवर एक मासेमारीची होडी आली. मी दोर टाकला. दोर पोचला, पण धरायला कोणी उरलं नव्हतं." त्याच्या चहावर साय धरली, तरी तो कप तसाच धरून बसला होता.

बाई म्हणाल्या, "मी तुला सांगणार नाही कर म्हणून, आणि नको म्हणूनही."

मी स्वतःला पळवाट शोधून देत होते. मी लहान आहे, मी घाबरट आहे, आत्याने स्पष्ट नको म्हटलंय. तिन्ही गोष्टी खऱ्या आहेत. पण हा एकच खडा आहे, आणि त्याला तापवून परत गार करता येईल असं बोलणं मला एकटीलाच येतं. घुम्याला पहिलं येत नाही, बाईंना दुसरं जमेना, त्या "कृपया" म्हणाल्या तरी वाटतं आता चापट बसणार.

उद्या भर दुपारी करणार, म्हणजे लखलखाट झाला तरी उन्हात थोडा जिरेल. बाकीचे भिंतीपलीकडे असतील. बाई खड्याकडे पाठ करून माझ्याजवळ बसणार, ते मी कितीही नको म्हटलं तरी ऐकत नाहीयेत.

तुझं उत्तर यायला वेळ लागेल म्हणून मी थांबत नाहीये. तू नाहीच म्हणशील म्हणून थांबत नाहीये, हे खरं कारण. खोटं नको म्हणून सांगते.

टिटवी

*

वाऱ्याचा महिना, सहावा दिवस

आत्या,

अक्षर वेगळं बघून घाबरू नकोस. मी सांगतेय आणि घुम्या लिहितोय. माझ्या डोळ्यांना पट्टी आहे.

(आत्याबाईंना नमस्कार. ती मला हळू सांगत नाही, त्यामुळे काही शब्द गळतील. – घुम्या)

खडा शाबूत आहे. शेवटचा पैलू पडला.

मी आत गेले, फडका भिजवला आणि बोलायला लागले. आधी तुझे शब्द. तू मला पहिल्यांदा छिन्नी दिलीस तेव्हाचे, मी विहिरीत कळशी पाडली तेव्हाचे, सगळे. खडा गुलाबी झाला, मग केशरी. फडक्यातून वाफ येत होती. पण तुझे शब्द संपले आणि खडा अजून हवा तेवढा उघडेना. मग मी माझे बोलले. ते काय होते ते घुम्यासमोर सांगणार नाही.

(मी भिंतीपलीकडे होतो. सगळं ऐकू आलं. मीही सांगणार नाही.)

तो पांढरा झाला. डोळे मिटले होते तरी पापण्यांमधून हाताची हाडं दिसत होती. छिन्नी जागेवर आधीच टेकवून ठेवलेली होती. मी हातोडी मारली. पैलू उघडल्याचा आवाज आला, बर्फ पाण्यात टाकल्यावर येतो तसा. पण खडा थांबेना, तापतच चालला. बाई माझ्या पाठीला पाठ लावून बसल्या होत्या. तेव्हा मी उठून उभी राहिले आणि म्हटलं, "आपलं काम झालेलं आहे. आपण वेळात वेळ काढून आलात, त्याबद्दल आम्ही आभारी आहोत. आता आपण निघालात तरी चालेल." तेच दोनदा म्हटलं. माझा आवाज इतका कोरडा होता की मलाच परकी वाटले.

गार झाला.

वैद्य म्हणतात, पट्टी सोडेपर्यंत काही सांगता येणार नाही. मला भीती वाटते. पण मला वाटलं होतं तेवढी नाही.

(आत्याबाई, मी पैलू पाहिला. कारखान्यात असल्यामुळे मत देत नाही. सरळ आहे. ती जेवते आहे. रडली नाही, नाक सुजलेलं नाही, हे मुद्दाम कळवायला सांगितलं आहे.)

टिटवी

*

वाऱ्याचा महिना, चौदावा दिवस

टिटवे,

होडी बंद आहे. मी रोज धक्क्यावर जाऊन भांडून येते. होडीवाला म्हणतो दातरीवर दिवा दिसत नाही तोवर दोर सोडणार नाही. डोंगरवाटेने टपालाचं खेचर जातं, त्यावर बसायलाही मी तयार होते, पण खेचर तयार नव्हतं.

मला तुझ्या हातचं पत्र हवं. त्या घुम्याचं अक्षर चांगलं आहे, पण मला नको. मुंग्याच हव्यात.

पट्टी सुटली की त्याच दिवशी लिही. काहीही असलं तरी लिही.

आत्या

*

वाऱ्याचा महिना, एकविसावा दिवस

आत्या,

मुंग्या.

उजवा डोळा पूर्वीसारखा आहे. डाव्यात मधोमध एक करडा ठिपका राहिलाय, तो राहणार म्हणतात. सुई ओवायला वेळ लागतो, पण ओवली जाते. पट्टी सुटल्यावर पहिल्यांदा मोठ्या बाईंचं तोंड दिसलं. मग त्या तडक अंगणात गेल्या आणि तिथे मोठ्याने काय काय बोलल्या. चांगलं बोलल्या. मला ऐकू यावं असंच बोलल्या.

उद्या राखणदार खडा घेऊन जाणार. पोत्यातून नेईल, आणि दीपगृहात शंभरेक पायऱ्या चढून वर बसवला की खाली येऊन राहील, कारण त्याला तो आवडायला लागलाय अशी त्याची स्वतःबद्दलची तक्रार आहे.

टिटवी

*

कोवळ्या पानांचा महिना, तिसरा दिवस

टिटवे,

पत्र मिळालं. मिळालं हे बरं झालं. एवढंच लिहून थांबणार होते, पण कागद महाग आहे.

तुझा दिवा बघितला. छपरावर चढले होते, कौलं शाकारायची होतीच. इथून इतका लांब आहे की सांगायलाच हवं म्हणून सांगते, दिसतो. जरा डावीकडे झुकल्यासारखा वाटतो. पैलूची एक कड थोडी जाडच राहिली असणार. तुझे आजोबा असते तर परत घासायला लावली असती. रंग म्हणशील तर ठीक. मला काही विशेष वाटला नाही.

होड्या सुरू झाल्या आहेत. तू पुढच्या महिन्यात ये. मी भिंतीजवळचा पाट तुझ्यासाठी रिकामा केलाय, तिथे उजव्या बाजूने उजेड येतो.

आत्या

*

कोवळ्या पानांचा महिना, पंधरावा दिवस

आत्या,

कड मोजली. जाड नाही. तरी येताना माप घेऊन येते, तू स्वतः बघ.

काल राखणदार कारखान्यात आला होता. दातरीपलीकडूनही दिवा दिसतो, एकही होडी चुकलेली नाही. पण त्याला एक गोष्ट समजत नव्हती, म्हणून तो मुद्दाम मोठ्या बाईंना विचारायला आला. होड्या समुद्राकडून येतात तेव्हा दिवा त्या बाजूने उजळतो, ते बरोबर आहे. पण रोज संध्याकाळी, सगळ्या होड्या आत आलेल्या असतात, समुद्रावर कोणी नसतं, तेव्हा तो जमिनीकडच्या बाजूने उजळतो. टेकड्यांच्या बाजूने. थोडाथोडका नाही, पुस्तक वाचता येईल एवढा, आणि बराच वेळ.

बाईंनी मला विचारलं, "त्या बाजूला टेकडीवर कोण राहतं?"

मी म्हटलं, कोणी नाही. फक्त माझी आत्या राहते, आणि तिला तो दिवा काही विशेष वाटलेला नाही.

घुम्या हातातलं काम टाकून अंगणात गेला आणि हसून परत आला.

मी पुढच्या होडीने येते आहे. राखणदाराने तुला एक निरोप दिलाय. म्हणाला, आत्याबाईंना सांगा, जरा बेताने. काच तापते.

तुझी,
टिटवी